वेड लागलेला कॅमेरा

परंपरांवर माहितीपट काढणाऱ्याला थोडे वेड हवेच. नुसत्या शहाण्याच्या हातून ते काम होत नाही.

तुकोबांची पालखी बारामतीचा मुक्काम आटोपून काटेवाडीत येते. परीट समाज धोतरांच्या पायघड्या घालतो, पालखीभोवती मेंढ्यांचे रिंगण होते. मेंढपाळ पुढे पळतो, मागे कळप. पुढची मेंढी वळली की सगळ्या वळतात. काही मिनिटांत सोहळा उरकतो आणि पालखी सणसरची वाट धरते. शहाणा माणूस ड्रोन उडवतो, वरून सुबक गोल टिपतो, त्याला ढोल-बासरी जोडतो आणि बेलवाडीचे रिंगण गाठायला निघतो. त्याचा वेळ वाचतो, पैसाही वाचतो. कळपावर रोगराई येऊ नये ही रिंगणामागची श्रद्धा मात्र त्याच्या चित्रपटात येत नाही; ती वरून दिसत नाही, मेंढपाळापाशी बसून ऐकावी लागते.

वेडा माणूस बसतो. हायडलबर्गचे गुंथर सोन्थायमर कायदा शिकलेले. पण बिरोबा, म्हसकोबा, खंडोबा यांच्या मागे धनगरांबरोबर रानोमाळ हिंडले, त्यांच्या ओव्या ध्वनिमुद्रित केल्या, मग वारीवरच्या चित्रपटाच्या कामात उतरले. आधी माणसे, मग कॅमेरा, असा त्यांचा उलटा क्रम होता.

फ्रान्सचे झाँ रूश त्यांच्याही पुढचे. पश्चिम आफ्रिकेत नायजर नदीवर पाणघोड्याची शिकार होत असे, तिच्यावर त्यांनी १९५१ साली चित्रपट केला. पुढे पडदा आणि प्रोजेक्टर घेऊन ते आयोरू गावात परत गेले आणि शिकाऱ्यांनाच तो दाखवला. पाठलागाच्या प्रसंगाला रूश यांनी तिथलेच वीरश्रीचे संगीत जोडले होते. शिकाऱ्यांनी हरकत घेतली: शिकारीत चिडीचूप राहावे लागते, या आवाजाने पाणघोडा पळून जाईल. रूश यांनी संगीत काढून टाकले. पॅरिसच्या कोणत्याही समीक्षकाला ही चूक सापडली नसती.

हेच वेड बारामती-इंदापूरच्या वाटेवर यावे. पालखी पंढरपूरला पोचली, गर्दी ओसरली, की चित्रपटवाल्याने काटेवाडीत पडदा लावावा. समोर मेंढपाळ बसावेत, पायघड्या घालणारे परीट बसावेत. ‘हे असं नसतं’ असे कोणी म्हटले, तर तो प्रसंग कापावा, मग तो कितीही देखणा असो. महोत्सवाची तारीख हुकेल, खर्च वाढेल, निर्माता चिडेल. हा तोटा सोसणाऱ्याच्याच चित्रपटावर काटेवाडीचा हक्क राहील.