लाल सिंहाचं बिऱ्हाड

इंग्लंडमधल्या खेड्यात पूर्वी काय होतं आणि आता काय नाही, हे कळायला इतिहासाचं पुस्तक लागत नाही. घरांच्या पाट्या वाचल्या की झालं. 'द ओल्ड बेकरी' लिहिलेलं असेल तिथे पाव मिळत नाही. 'द ओल्ड फोर्ज'मध्ये घोड्याला नाल ठोकून मिळत नाही. 'द ओल्ड पोस्ट ऑफिस'मध्ये पत्र टाकायला शिरलात, तर थेट एखाद्या निवृत्त बँक मॅनेजरच्या दिवाणखान्यात पोचाल, आणि तो भला माणूस तुम्हाला चहाही विचारील. ज्यांचं काम खरोखर चालू आहे त्यांच्या दारावर मात्र पाटी नसते. ते माडीवर लॅपटॉप उघडून बसलेले असतात आणि नक्की काय करतात, हे त्यांच्या बायकांनाही सांगता येत नाही.

हर्टफर्डशरमधल्या आमच्या गावात अजून अशी पाटी न झालेल्या दोनच जागा उरल्या आहेत. एक 'द रेड लायन' नावाचा पब आणि दुसरं किराणा दुकान. रेड लायन हे नाव इथे आपल्याकडच्या मारुतीच्या देवळाइतकं सर्रास. ऑर्वेलने 'ॲनिमल फार्म'मधल्या जोन्सला प्यायला पाठवलं तेही रेड लायनमध्येच.

ऑर्वेलचं नाव उगाच काढलेलं नाही. बिहारमधल्या मोतिहारीत जन्मलेला हा माणूस १९३६ साली याच परगण्यातल्या वॉलिंग्टन गावी येऊन चक्क दुकानदार झाला. आठवड्याला साडेसात शिलिंग भाड्याचं घर; त्यात पूर्वी दुकान होतं, ते त्याने पुन्हा उघडलं. गिऱ्हाइकं बहुतेक गोळ्या घ्यायला येणारी पोरं. त्याआधी तो लंडनला पुस्तकांच्या दुकानात नोकरीला होता, त्यामुळे तुलना करायचा त्याला पूर्ण अधिकार होता. त्याचं मत असं, की वाण्याकडे माणसं काहीतरी विकत घ्यायला येतात आणि पुस्तकांच्या दुकानात नुसता ताप द्यायला. वर्ष संपायच्या आत स्वारी स्पेनच्या लढाईवर निघून गेली. त्या दुकानाचंही आता राहतं घर झालं आहे.

पुढे १९४६ साली त्याने आपल्या मनातल्या आदर्श पबवर एक लेख लिहिला. तिथे रेडिओ नसावा, बारवरच्या बायकांना गिऱ्हाइकांची नावं पाठ असावीत, मागे बाग असावी, अशी यादी. शेवटी असा पब मुळात नाहीच, हे कबूल करून तो मोकळा झाला. त्या यादीत एक बारीकसं कलम होतं: पबमध्ये पोस्टाची तिकिटं आणि ॲस्पिरिनच्या गोळ्या मिळाव्यात. ऐंशी वर्षं होत आली, आणि ते कलम आमच्या रेड लायनने पुरं केलं. गावातलं पोस्ट बंद झालं, म्हणून आठवड्यातून दोन सकाळी ते पबच्या कोपऱ्यात भरतं. डार्ट्सच्या फळ्याखाली वजनकाटा. म्हातारी माणसं पैसे काढायला येतात आणि आलोच आहोत तर म्हणून अर्धा पाइंट घेतात. पोस्टाने दारूची सोय केली की दारूने पोस्टाची, हे विचारू नये.

एकूण गावातली प्रत्येक गोष्ट सध्या दुसऱ्या कुणाच्या तरी घरात बिऱ्हाड करून आहे. काही गावांत पोस्ट चर्चमध्ये भरतं. लाल रंगाची टेलिफोनची खोकी टेलिफोन कंपनीने २००८पासून एकेका पौंडाला गावांना द्यायला सुरुवात केली. त्यांत कुठे वाचनालय निघालं, कुठे बंद पडलेल्या हृदयाला झटका देणारं यंत्र बसलं. आमच्या खोक्यात दोन्ही आहे. तिथल्या रहस्यकथा वाचताना काही झालंच, तर इलाज हाताशी.

पोस्टाचा विषय निघाला की मात्र पबमधली थट्टा थांबते. पोस्टाच्या 'होरायझन' नावाच्या संगणक प्रणालीने हिशेबात खोटी तूट दाखवली आणि त्यापायी १९९९ ते २०१५ या काळात नऊशेहून अधिक माणसांना चोर ठरवलं गेलं. त्यांतले कितीतरी असेच गावातलं दुकान सांभाळून पोस्ट चालवणारे, आणि भारतीय वंशाचेही पुष्कळ. हॅम्पशरमधल्या साउथ वॉर्नबरोच्या जो हॅमिल्टन यांची गोष्ट इथे सगळ्यांना पाठ आहे. गावाचा त्यांच्यावर इतका विश्वास, की लोकांनी वर्गणी काढून ती न झालेली तूट भरायला मदत केली आणि निकालाच्या दिवशी कोर्टात जाऊन बसले. शिक्षा रद्द व्हायला २०२१ उजाडलं. दुकानदाराला ओळखणं म्हणजे काय, हे कोर्टापेक्षा गावाला आधी कळलं होतं.

पोस्टाचं दुखणं अलीकडचं; पबचं जुनं आहे. पहिल्या महायुद्धात दारूगोळा बनवणाऱ्यांनी दारू पिऊ नये म्हणून सरकारने पब दुपारचे बंद ठेवायला लावले. युद्ध १९१८ साली संपलं. दुपारचं कुलूप निघालं १९८८ साली, आणि रविवारचं तर १९९५ साली. (पुणेकरांना यात वावगं काही दिसणार नाही.) मग १९८९ साली सरकारला वाटलं, बड्या बिअर कंपन्यांच्या हातात फार पब आहेत. दोन हजारांवर पब असणाऱ्यांना नियम लावले. कंपन्यांनी पब विकले. ते घेतले कोणी, तर बिअरचा एक थेंबही न बनवणाऱ्या आणि नुसतं भाडं गोळा करणाऱ्या नव्या कंपन्यांनी. त्या बघता बघता हजारो पबांच्या मालक झाल्या. भाडं द्या आणि बिअरही आमच्याकडूनच, आमच्या भावाने घ्या, अशी त्यांची अट. वर २००७ साली सिगारेट दाराबाहेर गेली आणि सुपरमार्केटातली स्वस्त बिअर घराच्या आत आली.

पण सगळा दोष सरकारच्या माथी मारणं मला पटत नाही. आमच्या गावात रेड लायनवर प्रेम नाही असा माणूस सापडणार नाही. फक्त तिथे कोणी जात नव्हतं. मालकिणीने बंद करायचं ठरवलं त्या रात्री पबमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. माणसं डोळे पुसत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलेलं होतं, की मेल्यांनो, गेल्या मंगळवारी कुठे होता?

मग गाव कामाला लागलं. २०११च्या कायद्याने गावाला एक सोय दिली आहे: पबची नोंद आधी करून ठेवली, तर तो विक्रीला निघाल्यावर पैसे जमवायला सहा महिने मिळतात. वाट कंब्रियातल्या हेस्केट न्यूमार्केटने त्याआधीच दाखवली होती. तिथल्या सव्वाशे लोकांनी २००३ साली 'द ओल्ड क्राउन' मिळून विकत घेतला. आमच्याकडेही शेअर निघाले. कोणी कितीही घेवोत, मत एकच. सहकार म्हटला की माझ्या डोळ्यांसमोर उसाचे ट्रक आणि चेअरमनची पांढरी गाडी येते, त्यामुळे मी सर्वसाधारण सभेला जरा आशेने गेलो होतो. पण खुर्ची उचलणं सोडा, कोणी आवाजही चढवला नाही. दीड तास चर्चा चालली ती भिंतीच्या रंगावर. जुना पिवळट तपकिरी रंग सिगारेटींनी पन्नास वर्षं खपून चढवलेला होता. तसाच डब्यातून विकत आणावा, असा ठराव पास झाला.

दुकानही असंच सहकारी. गल्ल्यावर पाळीपाळीने निवृत्त मंडळी बसतात: सोमवारी माजी मुख्याध्यापिका, बुधवारी माजी सर्जन. सर्जनसाहेब चीज कापतात तेव्हा रांगेत पूर्ण शांतता असते. मुख्याध्यापिकाबाई सुटे पैसे परत देताना आपल्याकडून बेरीज करून घेतात. आठवड्याचा किराणा सगळे सुपरमार्केटच्या गाडीतून घरपोच मागवतात आणि विसरलेलं दूध तेवढं गावच्या दुकानातून आणतात, याबद्दल समितीने परिपत्रक काढलं. परिपत्रकाची पाकिटंही सुपरमार्केटमधूनच आली होती.

पबला गिऱ्हाईक हवं तर जेवण हवं, हे मात्र सगळ्यांना पटलेलं आहे. लंडनमधल्या 'द ईगल'ने १९९१ साली पबमध्ये नीट स्वयंपाक सुरू केला, तेव्हापासून हे लोण गावोगाव पसरलं. कुठे पाटीवर सशाचं मांस, कुठे स्वयंपाकघरात थायलंडची सून आणि ओकच्या तुळयांखाली लेमनग्रासचा वास. गुरुवारची करी तर बहुतेक ठिकाणी असतेच. यंदा समितीने ती जबाबदारी माझ्याकडे दिली, माझी पात्रता तपासण्याची गरज कोणालाच वाटली नाही. मी मिसळ सुचवली. मोड आलेली मटकी, वर तर्री, फरसाण, कांदा, बरोबर पाव, असं सगळं समजावून सांगितलं. सर्जनसाहेबांनी तर्रीच्या तिखटपणाबद्दल दोन नेमके वैद्यकीय प्रश्न विचारले. मग कोपऱ्यातल्या स्टुलावरच्या शेतकरीबुवांनी पाइंट खाली ठेवून विचारलं, बरोबर चिप्स असतील ना? असतील म्हणालो. ठराव मंजूर झाला आहे. चिप्स मिसळीच्या वर घालायच्या की बाजूला द्यायच्या, ते पुढच्या सभेत.