नटसम्राट व्हा! (वडनेर भोलजीकरांसाठी)

नट व्हायला अभिनय यावा लागतो, हा गैरसमज आधी डोक्यातून काढा. मला तो कधीच आला नाही. काही अडले नाही.

लागतो तो आवाज. पहाटे हायवेकाठी उभे राहून स्वगते म्हणावीत. नांदुऱ्याकडे निघालेल्या ट्रकवाल्याने डोके बाहेर काढून शिवी घातली, की आवाज पोचला असे धरावे.

मग नोकरी सोडावी. घरी डॉ. श्रीराम लागूंचा दाखला द्यावा: कान-नाक-घशाचे सर्जन, १९६९ साली डॉक्टरकी सोडली, १९७० साली ‘नटसम्राट’. मी कृषी केंद्रातल्या गल्ल्यावर होतो. बाबा म्हणाले, “लागूपाशी सोडाले डॉक्टरकी होती. तुह्यापाशी काय हाय? युरियाची पोती?” असल्या बोलण्याकडे लक्ष देऊ नये.

भूमिका थेट ‘नटसम्राट’मधल्या बेलवलकरांची घ्यावी. वय बावीस असले तरी केसांत टाल्कम पावडर चोळली की साठी येते. फक्त गणपती मंडळाच्या स्टेजवर तोंडासमोर दोन हॅलोजन असतात. घाम सुटला, पावडर ओघळून कोटावर उतरली आणि शेवटी शेवटी आमचे बेलवलकर स्वतःच्या लेकीपेक्षा लहान दिसू लागले.

पाठांतर करू नये, विंगेत प्रॉम्प्टर असतो. तो जे म्हणेल ते दुप्पट आवाजात म्हणावे. आमचा कुजबुजला, “सरक बे, माइक झाकला.” मी दोन्ही हात आभाळाकडे नेऊन गरजलो, “सरक बे, माइक झाकला!” रात्रभरातली एकुलती टाळी त्यालाच पडली.

गावाला कला कळत नसेल तर झाडीपट्टी गाठावी. मलकापूरला गाडीत बसावे, गोंदियाला बदलावी, वडसा येते. दिवाळीनंतर होळीपर्यंत तिथे गावोगाव रात्रभर नाटके चालतात, तीही तिकीट लावून. नाटक कंपनीच्या मालकाने एवढेच विचारले, “गाता येते?” झाडीपट्टीत गाण्यावाचून भागत नाही, हे निघण्याआधी विचारून घ्यावे. मी विचारले नव्हते. परतीचे भाडे मात्र जवळ ठेवले होते. तेवढा व्यवहार कृषी केंद्राने शिकवला.

सध्या मंडळाने माझ्याकडे पडदा दिला आहे. दोर नायलॉनचा असतो, हात कापतो. तळव्याला फडके गुंडाळून घ्यावे.