नसलेल्या सीडीचा परवाना

मी विकत घेतलेल्या सॉफ्टवेअरचं काम एवढंच, की ड्राइव्हमध्ये सीडी नसताना ती आहे असं संगणकाला पटवून द्यायचं. म्हणजे चक्क थाप. पण ही थाप मारण्याआधी आपण खरे आहोत हे आपल्याला सिद्ध करावं लागतं! लांबलचक किल्ली, त्यात हे शून्य की 'ओ' हा घोळ, मग नोंदणी, मग ॲक्टिव्हेशन. आमच्या सिरोंच्यात गाडी अडते ती इथंच. जिल्ह्याचं ठिकाण दोनशे किलोमीटरवर, आणि मोबाइल पकडतो गोदावरीपलीकडचं नेटवर्क. तो आधी तेलुगूत स्वागत करतो, मग गप्प बसतो. पूल झाल्यापासून माणसं पाहता पाहता कालेश्वरमला पोचतात. ॲक्टिव्हेशनचा ओटीपी मात्र अजून डोंग्यातूनच येत असावा. आला तेव्हा त्याची मुदत संपली होती. पडद्यावर सूचना होती, 'इंटरनेट तपासा.' तपासलं. नव्हतं.

शेवटी झेरॉक्सच्या दुकानातला पोरगा म्हणाला, "काका, विंडोज 8 पासून, म्हणजे 2012 पासून, सीडीची नक्कल असलेल्या आयएसओ फाइलवर दोनदा क्लिक केलं की ती आपोआप उघडते. पैसे कशाला भरले?"

पावतीची झेरॉक्स मात्र त्यानं फुकट काढून दिली.