मुद्दल जागच्या जागी

हिशेबात मी पक्का आहे असं आमच्या घरात एकच माणूस मानतो आणि तो मी. हॉटेलच्या बिलाची बेरीज मी वेटरला उभं करून तपासतो. पेरूवाल्याने वजनात मारलं असेल अशी शंका आली तर घरी येऊन पेरू पुन्हा तोलतो. अशा माणसाने पन्नास लाखांचं कर्ज घेताना त्या जाडजूड गठ्ठ्यातला एकच आकडा वाचला: 37,870. महिन्याचा हप्ता. पगारातून तो वजा केला, उरलेल्यात जगता येईलसं दिसलं आणि पेन्सिलीने फुल्या मारलेल्या प्रत्येक जागी झोकात सह्या ठोकल्या.

2021 संपत आलं होतं. रेपो दर चार टक्क्यांवर बसला होता, त्यामुळे आम्हाला कर्ज 6.7 टक्क्यांनी मिळालं. हा 6.7 मी धायरीच्या त्या नव्या सोसायटीत मजल्यामजल्यावर सांगत फिरलो. गृहकर्जवाले आपले टक्के दहावीच्या मार्कांसारखे सांगतात, फक्त इथे कमी पडलेला पोरगा हुशार. दुसऱ्या मजल्यावरच्या गृहस्थांना 6.9 पडले होते. लिफ्टमध्ये भेटले की मी त्यांच्याकडे जरा प्रेमाने बघायचो.

37,870 गुणिले दोनशे चाळीस. चौथीतला गुणाकार आहे. उत्तर येतं नव्वद लाख अठ्ठ्याऐंशी हजार आठशे. हा गुणाकार मी तेव्हा केला नाही. कॅल्क्युलेटर हातात होता, पण त्यावर मी झुंबरावरची सवलत मोजत होतो.

पहिलं स्टेटमेंट आलं आणि त्यात हप्त्याची फोड दिसली. व्याज 27,917 आणि मुद्दल 9,953. याआधी आम्ही अठरा हजार भाड्याने राहत होतो. 'भाडं म्हणजे पैसे पाण्यात' हे वाक्य मी त्या घरमालकाला निघताना, चाव्या हातात ठेवताना ऐकवलं होतं. तो बिचारा नुसता हसला. आता मी सत्तावीस हजार नऊशे सतरा रुपये भाडं देत होतो, ते घराचं नव्हे तर पैशांचं, आणि गळकी टाकी दुरुस्त करायला घरमालकही उरला नव्हता. पुढचं कोष्टक बघितलं. दर तोच राहिला तरी दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावर, माझे पंचेचाळीस लाख भरून झालेले असतील आणि देणं तेहतीस लाख उरलेलं असेल. बँक आधी आपलं जेवण उरकते आणि मग आपल्याला वाढते. यात लबाडी काही नाही. उरलेल्या मुद्दलावर व्याज लागणार, मुद्दल सुरुवातीला जास्त, म्हणून व्याज सुरुवातीला जास्त. सगळं सरळ आहे. सरळ आहे म्हणूनच जास्त लागतं.

या सरळपणाची एक उलटी बाजू असते, ती मला फॉल्स सीलिंगमुळे कळली. हॉलला फॉल्स सीलिंग हवं, त्यात लपवलेले पिवळे दिवे हवेत, हा हट्ट माझा. बायको म्हणाली, "छत आहे की वर, खाली आणखी एक कशाला?" मी ऐकलं नाही. लाखभर रुपये गेले. पुढे भाच्याने मांडून दाखवलं, की तोच लाख पहिल्याच महिन्यात जादा भरला असता आणि हप्ता तसाच ठेवला असता, तर शेवटचे जवळजवळ दहा हप्ते उडाले असते. तीन लाख सत्तर हजार. बदलत्या दराच्या गृहकर्जावर असे जादा पैसे भरायला बँका दंडही लावू शकत नाहीत, रिझर्व्ह बँकेने 2012 मध्येच ते बंद केलं. तेव्हापासून पाहुणे छताकडे बघून "छान आहे" म्हणाले की मी "तीन लाख सत्तर हजार" म्हणतो आणि त्यांना वाटतं ठेकेदाराने मला लुटलं.

मग मे 2022 उजाडला. रेपो चारवरून 4.4 झाला आणि चढतच गेला, फेब्रुवारी 2023 पर्यंत थेट साडेसहा. वर्तमानपत्रांत 'कर्जदारांना फटका' वगैरे मथळे येत होते, आणि माझा हप्ता मात्र जागचा हलत नव्हता. 37,870 म्हणजे 37,870. दुसऱ्या मजल्यावरच्या गृहस्थांचा वाढला होता. मी त्यांना बँक निवडण्याच्या शास्त्रावर लिफ्टमध्ये थोडं मार्गदर्शन केलं.

हप्ता हलला नव्हता कारण मुदत हलत होती. बँकेकडून इंग्रजीत एकेका ओळीचे मेसेज येत, की आपला दर सुधारला आहे. सुधारला! मी ते ओटीपीच्या गर्दीत वाहून जाऊ दिले. शेवटी एकदा बसून आकडा मांडला. देणं एकोणपन्नास लाख, दर 9.2, महिन्याचं व्याज 37,567. हप्ता 37,870. मुद्दलात जाणार तीनशे तीन रुपये. तीनशे तीन! तेवढ्यात आमच्याकडे दोघांची मिसळ होते, ताक धरून. या वेगाने कर्ज फिटायला बावन्न वर्षं लागली असती. माझं वय तेव्हा एक्केचाळीस, म्हणजे त्र्याण्णवाव्या वर्षी मी निर्वेध घरमालक झालो असतो. माझ्या तब्येतीवर बँकेचा इतका विश्वास नसावा, कारण लवकरच हप्ता 45,550 करण्यात आल्याचं कळलं.

विनोद बाजूला ठेवून सांगतो, याचा मला अजून राग येतो. दर वाढला याचा नाही, तो करारातच होता. पण घर घेणाऱ्याला न विचारता त्याच्या आयुष्याची वर्षं परस्पर वाढवून घ्यायची, आणि हप्ता तोच आहे म्हणून त्याने आनंदात राहायचं? ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने फर्मावलं, की दर बदलला की हप्ता आणि मुदत यांचं काय होईल ते ग्राहकाला नीट सांगा, आणि हप्ता वाढवायचा की मुदत हे त्याला ठरवू द्या. म्हणजे तोवर सांगण्याची तसदी फारशी कुणी घेत नसावं. माझा पगार निदान वाढीव हप्ता सोसणारा होता. आमच्या सोसायटीचा वॉचमन उरुळीला एक खोली घेऊन बसला आहे. त्याने मला त्याचा मेसेज वाचायला दिला, तेव्हा मला त्याचा मराठीत अर्थ सांगवेना.

दर 9.2 वरच थांबला असता तर पन्नास लाखांवरचं एकूण व्याज सुमारे एकोणसाठ लाख होत होतं. मुद्दलापेक्षा व्याज जास्त. आणि इथे माझ्या डोक्यात वीज चमकली: दामदुप्पट!

इथून पुढचा काही भाग ज्यांना फक्त गृहकर्जाशी कर्तव्य आहे त्यांनी गाळला तरी चालेल. मला तो गाळता येत नाही, बायकोने अनेकदा सुचवूनही. दामदुपटीचा नियम जुना, मनुस्मृतीत आहे. सावकाराने व्याज मुद्दलाच्या वर मागायचं नाही, दोन्ही मिळून दुप्पट झाली की थांबायचं. पुढे मुंबई इलाख्यातल्या इंग्रजी न्यायालयांनीही तो मानला. आणि जिथे सावकार थांबत नव्हते तिथे काय झालं? अमेरिकेतल्या यादवीत तिकडचा कापूस अडला तेव्हा आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला, कर्जं सैल सुटली. 1865 ला यादवी संपली, भाव कोसळले, सारा मात्र वाढत गेला आणि शेतकरी रोख्यांवर अंगठे उठवत राहिला. 12 मे 1875 ला पुणे जिल्ह्यात सुप्याला लोक सावकारांच्या घरांवर चालून गेले. हे लोण पुढे नगरकडेही गेलं. मला यातली सगळ्यात आवडणारी गोष्ट ही, की त्यांना मुख्यतः कागद हवे होते. सावकारांना मारून टाकण्यात त्यांना रस नव्हता. कर्जरोखे बाहेर काढायचे आणि जाळायचे, पुष्कळ ठिकाणी एवढाच कार्यक्रम. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि 1879 मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला, ज्यात रोख्यावर काय लिहिलंय तेवढंच न बघता, मुळात हातात किती पडले होते हे न्यायाधीशाला उकरून काढता येऊ लागलं.

सुपं आमच्याकडून काही फार लांब नाही. मी स्वतःला मशालीसह बघू लागलो होतो. पण आता जाळायचं काय? माझ्या घराच्या गहाणाची नोंद सरकारी नोंदणीत आहे, केंद्राच्या संगणकात आहे, बँकेच्या सर्व्हरवर आहे, आणि तो सर्व्हर कुठे आहे ते शाखा व्यवस्थापकालाही ठाऊक नाही. तेव्हा सनदशीर मार्गाने जावं म्हणून मी तिसऱ्या मजल्यावरच्या वकीलकाकांकडे गेलो. काका निवृत्त आहेत पण अशील दिसलं की चष्मा लावतात.

"दामदुप्पट बँकेला लागू नाही," काका म्हणाले. "बँकेचं व्याज जास्त आहे म्हणून कोर्टाला हिशेब उकरता येत नाही, 1984 पासून कायद्यात तसं कलम आहे."

"पण काका, तत्त्व म्हणून?"

"तत्त्व म्हणून तर मुळीच नाही. दामदुप्पट थकलेल्या व्याजाची असते. एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त थकबाकी मागू नये, एवढंच. तू तर दर महिन्याला आपणहून नेऊन देतोयस. कधी थकवलंयस का?"

"एकदाही नाही," मी छाती काढून म्हणालो.

"मग बस," काका म्हणाले आणि चष्मा काढला.

म्हणजे मनूपासूनचं संरक्षण बुडव्याला, वेळेवर फेडणाऱ्याला काही नाही. ज्या गोष्टीचा मला सगळ्यात अभिमान होता तीच नडली.

भाचा या सगळ्याला भावनिक गोंधळ म्हणतो. तो पैशांच्या धंद्यात आहे. "मामा, 2041 चा रुपया आजचा नाही. पाच टक्के महागाई धर, वीस वर्षांनी त्याचे अडतीस पैसे होतात. शेवटचे हप्ते तुला चिल्लर वाटतील. शिवाय भाडं वाढलंच असतं की." हे खरं आहे. एक अख्खा दिवस मी त्यावर खूश होतो. मग आठवलं की महागाईबरोबर पगार वाढतो हे भाच्याच्या कंपनीला ठाऊक आहे, माझ्या नाही. कर वाचतो म्हणाल, तर राहत्या घराच्या व्याजावर जुन्या करपद्धतीत वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. तीस टक्केवाल्याचे साठ हजार वाचतात. ते वाचावेत म्हणून पहिल्याच वर्षी सव्वातीन लाखांच्या वर व्याज भरायचं! तरी मी ऑफिसात 'होम लोन टॅक्ससाठी घेतलंय' असं सांगायचो. पुढे मी नव्या करपद्धतीत गेलो आणि ते कारणही गेलं.

भाच्याच्या तक्त्यात दोन रकाने नाहीत. एक ऑफिसातला. पूर्वी मी मीटिंगमध्ये भांडायचो, चुकीला चूक म्हणायचो, त्याबद्दल माझं थोडं नावही होतं. हल्ली साहेब काही बोलले की माझी मान आधी हलते आणि मत मागून येतं. याला व्याज म्हणायचं की मुद्दल, ठरत नाही.

दुसरा रकाना अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा. अण्णा एसटीतून निवृत्त झाले, सगळा जन्म सदाशिव पेठेतल्या वाड्यात जुन्या भाड्यावर काढला, कुणाचं पाच पैशांचं देणं ठेवलं नाही. आमचे सुरुवातीला भरायचे पैसे कमी पडले तेव्हा त्यांनी पोस्टातल्या ज्येष्ठ नागरिक योजनेतले दहा लाख मोडून दिले. 7.4 टक्के मिळत होते, दर तिमाहीला साडेअठरा हजार. मी 6.7 ची शेखी मिरवत होतो ते या 7.4 च्या जिवावर. "माझ्याकडे राहिले काय नि तुझ्याकडे राहिले काय," एवढंच म्हणाले. पण तिमाही आली की ते इस्त्रीचा शर्ट घालून पोस्टात जायचे. तिथे त्यांचे एसटीतले दोघंतिघं असायचे, मग चहा, मग कुणाची तब्येत, कुणाची सून, असं करत दुपार व्हायची. पैसे मोडल्यावर जायचं कारण संपलं. मी म्हटलं, अण्णा, सहज म्हणून जात जा की. ते म्हणाले, "सहज म्हणून पोस्टात कोण जातं रे?" हे मी भाच्याला अजून सांगितलेलं नाही. तो त्याचाही दर काढेल.

2025 मध्ये रेपो उतरू लागला. वाढताना जे मेसेज त्याच दिवशी येत होते ते आता वाट चुकले आहेत, आणि दर खरंच उतरला का ते मलाच लॉगिन करून बघावं लागतं. बघतो. तेवढ्यात गेल्या आठवड्यात बँकेतून फोन आला. गोड आवाजाचा मुलगा.

"सर, तुमचं रेकॉर्ड पाहिलं. इतकं क्लीन रेकॉर्ड आमच्या शाखेत फार थोड्या लोकांचं आहे."

मी सोफ्यावर सावरून बसलो. अशी दाद मला घरात मिळत नाही.

"म्हणून सर, तुमच्यासाठी खास टॉप-अप मंजूर झालंय. कागदपत्रं काही नाहीत. फक्त हो म्हणा."

"साधारण किती मिळेल?" मी शक्य तितक्या बेफिकिरीने विचारलं.

बायकोने पोळी तव्यावर तशीच सोडली, बाहेर आली आणि माझ्या हातातून फोन घेतला. "दिवाळीच्या बोनसचे साठ हजार आहेत," ती म्हणाली, "ते मुद्दलात भरायचेत. मुदत कमी करायची, हप्ता नाही. ऑनलाइन होतं का?"

पलीकडचा गोडवा थोडा पातळ झाला. "मॅडम, घ्यायचं असेल तर ऑनलाइन होतं. भरायला मात्र शाखेत यावं लागेल. चेक आणा, आणि सरांचा अर्ज. दुसऱ्या-चौथ्या शनिवारी बंद असतं."