आग्यामोहोळ उठवण्याची शास्त्रशुद्ध पद्धत

शिवनेरीच्या किंवा लेण्याद्रीच्या कातळाला लटकलेले आग्यामोहोळ उठवणे वाटते तितके अवघड नाही. फक्त क्रम चुकता कामा नये. घरून निघतानाच उग्र अत्तर फवारावे आणि काळा शर्ट घालावा. मुहूर्त शोधायची गरज नाही, कारण १९ फेब्रुवारीच्या शिवजयंतीची गर्दी मोहोळांच्या दिवसांतच होते. कड्याखाली काटक्या पेटवून चहा टाकावा. पोळ्यावरून लाटेसारखी थरथर धावली की मोबाइल उंच धरावा. ती थरथर म्हणजे माश्यांचा इशारा, पण हौशी माणसाने इशाऱ्यांना भीक घालू नये.

पहिली माशी डसली की पुढचे काम आपले शरीरच करते. तिची काटेरी नांगी कातडीत रुतून राहते, विष सोडत राहते, आणि सोबत सुटणारा पिकल्या केळ्यासारखा वास बाकीच्यांना आपला पत्ता कळवतो. इकडे ॲड्रेनालिन उसळते, छाती धडधडते, धाप लागते. उच्छ्वासातला कार्बन डायऑक्साइड त्यांना थेट तोंडाची वाट दाखवतो. हात आपोआप वारे घालू लागतात, आणि हलणारी वस्तू माश्यांना आधी दिसते. भीतीने हात हलतो, हाताने डंख वाढतात, डंखांनी भीती वाढते. शिवनेरीच्या साखळीच्या वाटेवर असाल तर दोन्ही हात सोडावेत. राहिलेले काम दरी पुरे करते.

कोणी म्हणेल, मोहोळ काही वेळा माणसाने न छेडताही उठते. खरे आहे, पोळ्यावर घार झडप घालते आणि भोग खालच्याला भोगावे लागतात. पण तेव्हाही तोंड झाकून, हात न झाडता, सरळ दूर पळणारा थोडक्यात सुटतो. म्हणजे आरंभ घारीचा असला तरी पुढचा हिशेब आपलाच. मध काढणारेही धूर करतातच, हा दुसरा आक्षेप. ते रात्री जातात, पोळे ओळखून जातात, आणि धुरावर चहाचे आधण ठेवत नाहीत. तिसरा कोणी पाण्याच्या टाक्यात उडी मारण्याचा तोडगा सुचवेल. माश्या पाण्यावर घोंगावत थांबतात. दम आधी आपलाच संपतो.

आंबेगावात आहुप्याच्या कड्यावरही हीच पद्धत चालते. ज्यांना ती जमणार नाही, त्यांनी बिनवासाचे, फिक्या कपड्यांत, गुपचूप गड पाहावा. डंख बसलाच तर आधी दूर जाऊन नांगी नखाने लगेच खरवडावी, आणि घसा सुजला किंवा श्वास अडला तर तडक दवाखाना गाठावा. अशा माणसांची बातमी मात्र कधीच छापून येत नाही.