नावकाका

बारशाला नाव ठेवते आत्या. नावं ठेवायला आमच्याकडे नावकाका असतो. घनसावंगीपासून भोकरदनपर्यंत जालना जिल्ह्यातल्या कुठल्याही चहाच्या टपरीवर हा सापडतो. निवृत्त मास्तर, खिशात दोन पेनं, त्यातलं एक लाल. तुम्ही नाव सांगितलं की तो लगेच विचारतो, "कुठून आलं?"

"मंठ्याहून."

"तुम्ही नाही हो, नाव!"

शहाजी नावाच्या पोराला चहा यायच्या आत कळतं, की आपल्या नावात फारसी शहा बसलाय. मालोजींनी नगरच्या शाह शरीफ पिराला नवस केला, म्हणून मुलं शहाजी आणि शरीफजी, असं परंपरा सांगते. बुधाजीला कुणी हसलं तर काका थेट घानाला पोचतो. तिथले कोफी अन्नान शुक्रवारी जन्मले म्हणून कोफी, मग आपला बुधवारचा बुधाजी काय वाईट? जालना हे तर घरचंच. आधी जनकपूर होतं, मग एका धनाढ्य जुलाह्यावरून जालना झालं, ही दंतकथा तो अशा थाटात सांगतो, जणू ठरावाला अनुमोदन त्याचंच होतं. मोसंबीवाल्याच्या गाड्याशी उभं राहून "हिचं नाव मोझांबिकवरून पडलं बरं का" म्हणाला, की दोन किलो घेणारं गिऱ्हाईक बिचकून किलोवर येतं.

त्याची खरी दिवाळी मात्र 'ण'ला. हस्त नक्षत्राच्या तिसऱ्या चरणावर लेकरू जन्मलं, की अवकहडा चक्रातून अक्षर निघतं 'ण'. बाप घामाघूम होऊन येतो. भटजींनी कन्या राशीतलं 'प' सुचवून वाट मोकळी केलेली असते, पण काका ती बंद करतो. "प कशाला? प्राकृतात ण मुबलक आहे. जैनांचा णमोकार घ्या!" बाप पोरीचं नाव पूजा ठेवून मोकळा होतो आणि महिनाभर दुसऱ्या टपरीवर चहा पितो.

मोबाइलवर मात्र काकाचा दात आहे. तिथं प्रत्येक नव्या नावाचा अर्थ एक तर सूर्याचा पहिला किरण, नाही तर विष्णू. विष्णूला हजार नावं असल्यामुळे लगेच पडताळताही येत नाही, हे त्याचं खरं दुखणं. (माझ्या मते हजार कमी पडणार आहेत.)

जुन्या ओबडधोबड नावांचा मात्र तो वकील. आधीची लेकरं दगावली, की पुढच्याला दगडू, धोंडू, केरबा म्हणायचं. म्हणजे दृष्ट आणि यम दोघंही ढुंकून बघत नाहीत. नकुशीवर मात्र तो व्याख्यान देत नाही. साताऱ्यात २०११ साली अशा दोनशेहून जास्त मुलींची नावं बदलली, एवढं सांगतो आणि कुणी तशी बाई आली तर राजपत्राचा अर्ज मुकाट्यानं भरून देतो.

तोच अर्ज घेऊन परवा बी-बियाण्याच्या दुकानातला दगडू आला. नवं नाव दक्ष.

"दक्ष? अरे, त्याचं डोकं वीरभद्रानं उडवलं! नंतर बोकडाचं बसवावं लागलं."

"पण काका, नाव बदलून माणूस मोठा होतो. आपल्या जांबचा नारायण ठोसर रामदास झालाच की."

"ते बोहल्यावरून पळाले होते. तू पळालास?"

दगडूच्या लग्नाला वीस वर्षं झालेली. तो गप्प बसला. मग म्हणाला, "तुम्हीच सांगा एखादं."

काकानं लाल पेन काढलं. जयंत? कावळा होऊन सीतेला टोचायला गेला, एक डोळा गमावून बसला. नहुष? इंद्रपदावर चढला आणि अजगर होऊन खाली आला. त्रिशंकू तर लटकलेलाच. तिसऱ्या नावाला दगडूनं अर्ज घडी करून खिशात घातला.

"राहू द्या काका. दगडूच बरा. मुंडकं तरी ज्याचं त्याला आहे."