भूमिका : स्वतः

निवडणुका जवळ आल्या की चिंचवडात आधी फ्लेक्स येतात, फ्लेक्सवर हात जोडलेले दादा-भाऊ-अण्णा येतात आणि त्यांच्या पाठोपाठ पैठणी येते. परवा आमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्येही 'खेळ पैठणीचा' झाला. फुगे फोडून झाले, उखाणे झाले. मग निवेदक पोराने आम्हा नवरेमंडळींकडे मोर्चा वळवला. "काका, काकूंबद्दल दोन शब्द. अगदी मनातलं!"

मी पस्तीस वर्षं कंपनीत क्वालिटीत काढली, पास झालेल्या मालाला हिरवा टॅग लावत. माईक तोंडासमोर आला आणि मी म्हणालो, "यांच्याबद्दल आजवर एकही तक्रार आलेली नाही."

पार्किंग हसलं. घरी आल्यावर ही म्हणाली, "हिरवा टॅगही लावायचा होता की!"

तेव्हापासून विचार करतोय. रामकृष्ण मोरे प्रेक्षागृहात नट राजा होतो, दारुडा होतो. त्याला लिहिलेली वाक्यं असतात, तालमी असतात, अडलाच तर विंगेतून कुणीतरी शब्द पुरवतं. 'भूमिका : स्वतः' असली की यातलं काहीच नाही. माझ्या बाबतीत तर एरवी शब्द पुरवणारी बाई शेजारीच उभी होती, आणि तीच गप्प.

ही भूमिका धंद्याला लावली डच लोकांनी. 1999च्या सप्टेंबरात हॉलंडमधल्या आल्मेरे गावी काही साध्यासुध्या माणसांना एका घरात कोंडलं, भिंतीभिंतीत कॅमेरे बसवले आणि शंभरावर दिवस देशाने त्यांचं जेवणखाण, रुसवेफुगवे पाहिले. 'बिग ब्रदर' त्याचं नाव. बार्ट नावाचा तरुण जिंकला. ना गाणं, ना नाच. तो बार्ट होता, एवढंच त्याचं काम. तसंही डच लोक म्हणे संध्याकाळी खिडकीचे पडदे लावत नाहीत. मग कॅमेऱ्याचं काय एवढं!

ते खूळ फिरत फिरत 2018 साली 'बिग बॉस मराठी' होऊन लोणावळ्यात उतरलं. म्हणजे चिंचवडहून लोकलने गेलो तर शेवटचं स्टेशन. पण आमच्या हिला ते पटलं नाही. "भांडणंच बघायची तर आपली सोसायटीची मीटिंग काय वाईट आहे?"

तिचा माणूस वेगळा. आदेश बांदेकर. डचांनी माणसं उचलून टीव्हीच्या घरात नेली. हा गडी टीव्ही घेऊन आपल्या घरात आला. त्यांचा 'होम मिनिस्टर' हा कार्यक्रम 2004 साली सुरू झाला आणि 2022पर्यंत चालला. मुळात नट, पण अठरा वर्षं बहुतेक संध्याकाळी ते एकच पात्र करत राहिले : भावोजी. चपला दाराशी काढायच्या, सासूबाईंना नमस्कार, वहिनींची चौकशी, आणि जाताना पैठणी. त्या अर्ध्या तासात घरचे एरवी बोलत नाहीत ते बोलून जायचे. सासूने सुनेचं कौतुक करायचं म्हणजे काय साधी गोष्ट आहे? या लोकप्रियतेवर 2009 साली ते माहीममधून विधानसभेला उभे राहिले आणि पडले. सगळ्या वहिन्या काही माहीमच्या मतदार नव्हत्या.

मला वाटतं, कॅमेऱ्यासमोर ते स्वतः होते की नव्हते याच्याशी कुणाला देणंघेणं नव्हतं. समोरची बाई थोडा वेळ स्वतः होत होती, ते बघायला लोक बसत. परवा आमच्या पार्किंगमध्येही तेच. चौथ्या मजल्यावरच्या वहिनी, ज्यांचा आवाज बारा वर्षांत सेफ्टी डोअरच्या जाळीपलीकडे कधी आला नव्हता, त्यांनी माईक हातात घेतला आणि नवऱ्याची अशी काही नक्कल केली की नवराच सगळ्यांत जास्त हसला.

पैठणी त्यांनाच मिळाली. आम्हाला तीन डब्यांचा सेट. एकाचं झाकण बसत नाही. तक्रार केलेली नाही.